रुळांची वाटणी : जपानी रेल्वेच्या अभ्यासाकडे वळताना

इंग्लंडमध्ये लँकेशायर परगण्यात न्यूटन-ले-विलोज या गावी व्हल्कन फाउंड्री नावाचा इंजिने घडवणारा कारखाना होता. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्याकडे निघालेल्या पहिल्या प्रवासी गाडीची इंजिने याच कारखान्यातून आली होती. १८७१ साली तिथेच तयार झालेले आणखी एक इंजिन जपानला गेले. १८७२ च्या ऑक्टोबरात टोकियोतल्या शिंबाशीपासून योकोहामापर्यंतची जपानची पहिली रेल्वे सुरू झाली, तेव्हा ते त्या रेल्वेचे क्रमांक एकचे इंजिन ठरले. आज ते टोकियोच्या उत्तरेला ओमिया इथल्या रेल्वे संग्रहालयात पाहायला मिळते.

म्हणजे आपली पहिली गाडी जपानच्या पहिल्या गाडीच्या १९ वर्षे आधी धावली, आणि जपानचे क्रमांक एकचे इंजिनही आपल्या इंजिनांच्याच कारखान्यातले होते. बुलेट ट्रेनविषयी आपल्याकडे बोलणे सुरू झाले की जपान आधीपासूनच पुढे होता आणि आपण आधीपासूनच मागे होतो, असे धरून चालण्याची सवय लागली आहे. या विषयात शिरताना ही सवय सोडावी लागते. पुढे कोण गेले, कधी गेले आणि कोणत्या निर्णयामुळे गेले, हे वर्षावर बोट ठेवून सांगता येते. जपानी रेल्वेच्या इतिहासाची मला वाटणारी खरी ओढ तीच आहे.

ही प्रस्तावना मुख्यतः अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, मुलुंड अशा ठिकाणी राहणाऱ्या मराठी वाचकासाठी लिहिली आहे. जपानी भाषा येत नाही, अभियांत्रिकी शिकलेलो नाही, मग हा विषय आपला कसा, असे त्याला वाटू शकते. पण धीमी आणि जलद यांतला फरक त्याला कुणी शिकवावा लागत नाही. मेल गाडीला वाट देण्यासाठी लोकल सिग्नलला का उभी राहिली, रविवारचा मेगाब्लॉक कशासाठी असतो, दादरला उतरण्यासाठी कोणत्या डब्यात चढावे, हे तो जाणतो. जगातल्या फार थोड्या शहरांतल्या माणसांना रेल्वेची इतकी आतली माहिती असते, आणि त्या थोड्या शहरांत टोकियो आणि ओसाका आहेत. अभ्यासाला लागणारे अर्धे भांडवल आपल्या पासधारकाकडे आधीच जमा आहे. या विषयाचे मर्मही त्याच्या रोजच्या अनुभवातच आहे : वेगाचा प्रश्न मुळात रुळांच्या वाटणीचा प्रश्न आहे.

आपल्या रेल्वेची सुरुवात उपनगरातच झाली, असे म्हणायला आधार आहे. मुंबई सरकारचे मुख्य अभियंता जॉर्ज क्लार्क १८४३ साली भांडुपला गेले असताना मुंबई, कुर्ला, ठाणे आणि पुढे घाटांपर्यंत लोहमार्ग नेण्याची कल्पना त्यांना सुचली, अशी नोंद आहे. १८४५ मध्ये जगन्नाथ शंकरशेट आणि जमशेटजी जीजीभाई यांनी रेल्वेसाठी संस्था उभी केली, १८४९ मध्ये ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे (जीआयपी) कंपनीला ब्रिटिश संसदेची मान्यता मिळाली, आणि जेम्स बर्कले यांच्या देखरेखीखाली ३४ किलोमीटरचा पहिला मार्ग बांधून झाला. पश्चिमेकडे बॉम्बे, बडोदा अँड सेंट्रल इंडिया (बीबीसीआय) रेल्वे कंपनीने १२ एप्रिल १८६७ रोजी विरारहून बॅकबेपर्यंत गाडी सुरू केली. तेव्हाच्या स्थानकांच्या यादीत बोरिवली, गोरेगाव आणि अंधेरी ही बेरेवला, पहाडी आणि अंदारू अशा नावांनी दिसतात. त्या काळी ती शेताभातांची, कोळ्यांची आणि आगऱ्यांची गावे होती.

जपानची पहिली रेल्वेही ब्रिटिश अभियंत्यांनीच आखली. मुख्य अभियंता एडमंड मोरेल मार्ग पूर्ण होण्याआधीच, १८७१ मध्ये, अवघ्या ३० व्या वर्षी वारला. त्याची कबर योकोहामात आहे. जपानने पुढे काय केले, ते मात्र नीट पाहण्यासारखे आहे. लंडनमध्ये शिकून आलेल्या इनोउए मासारू यांनी परदेशी तज्ज्ञांकडचे काम टप्प्याटप्प्याने जपानी अभियंत्यांकडे आणले. १८८० मध्ये क्योतोजवळचा ओसाकायामा बोगदा एकाही परदेशी अभियंत्याविना पूर्ण झाला. १८९३ मध्ये कोबेच्या कारखान्यात जपानमधले पहिले इंजिन तयार झाले, तेही वाफेच्या इंजिनाच्या इतिहासातल्या रिचर्ड ट्रेव्हिथिकच्या नातवाच्या मार्गदर्शनाखाली. बीबीसीआयच्या अजमेर कारखान्यात पहिले भारतीय बनावटीचे इंजिन तयार झाले १८९५ मध्ये. अंतर दोन वर्षांचे. कारागिरीत आपण कमी नव्हतो. पण कोबेच्या इंजिनामागे जपानच्या सरकारचा निर्धार होता, आणि अजमेरच्या इंजिनामागे अशी कंपनी होती जिचे भागधारक आणि मुख्य पुरवठादार दोन्ही इंग्लंडात होते. वसाहत असणे म्हणजे काय, हे मला पुष्कळ भाषणांपेक्षा या दोन तारखांनी अधिक स्पष्ट सांगितले.

रुळांच्या रुंदीचा निर्णय हा असाच दूरवर पोचलेला. लॉर्ड डलहौसीच्या आग्रहाने भारतात १६७६ मिलिमीटरचा रुंद मार्ग आला. जपानने खर्च कमी, डोंगरांतली वळणे सोपी, म्हणून १०६७ मिलिमीटरचा अरुंद मार्ग स्वीकारला. आपल्या लोकलचा डबा साडेतीन मीटरहून अधिक रुंद असतो आणि त्यात एका रांगेत तीन-तीन माणसांची बाके मावतात, ती डलहौसीची कृपा. जपानी नेत्यांना मात्र अरुंद मार्गाची अडचण लवकरच जाणवू लागली. गोतो शिंपेई यांच्यासारखे प्रशासक सारे मार्ग रुंद करा म्हणत होते, तर हारा ताकाशी यांच्या पक्षाला आहे त्याच रुंदीने गावोगावी रेल्वे पोचवायची होती. हारा पंतप्रधान झाले आणि रुंदीकरणाची योजना मागे पडली. मतदाराला आपल्या गावचे स्टेशन हवे होते, हे त्यामागचे साधे कारण. तरीही हा वाद पुढच्या कथेचे बीज आहे. रुंद मार्गाचे स्वप्न जपानी रेल्वेखात्याच्या मनातून गेले नाही.

१९२५ हे वर्ष उपनगरी वाचकाने लक्षात ठेवावे. त्या वर्षी ३ फेब्रुवारीला व्हिक्टोरिया टर्मिनस ते कुर्ला हार्बर मार्गावर भारतातली पहिली विजेची गाडी धावली, १५०० व्होल्ट डीसी विजेवर. त्याच वर्षी १ नोव्हेंबरला टोकियोत यामानोते मार्गाचे वर्तुळ पूर्ण झाले आणि विजेच्या गाड्या शहराभोवती गोल फिरू लागल्या. बोरिवलीला वीज पोचली जानेवारी १९२८ मध्ये. दोन्ही शहरे तेव्हा उपनगरांकडे पसरत होती आणि दोन्हींना त्यासाठी विजेची गाडी लागत होती. पसरण्याची रीत मात्र वेगळी. ओसाकाजवळ कोबायाशी इचिझो यांनी १९१० मध्ये उमेदापासून मार्ग टाकला आणि मार्गालगतच्या जमिनीवर घरे बांधून ती मासिक हप्त्यांवर विकली. पुढे एका टोकाला ताकाराझुका इथे नाट्यमंडळी उभी केली आणि दुसऱ्या टोकाला, उमेदा स्थानकातच, १९२९ मध्ये मोठे दुकान काढले. सकाळी गाडी नोकरदारांना शहरात नेई, दुपारी तीच गाडी खरेदीला आणि नाटकाला जाणारी कुटुंबे नेई. जमिनीच्या वाढत्या किमतीतून रेल्वेला पैसा मिळे.

आपल्याकडे जमीन एकाची, रेल्वे दुसऱ्याची. मुलुंडची आखीव वस्ती १९२२ च्या सुमारास झवेरभाई रामजी या जमीनमालकांनी क्राऊन अँड कार्टर या वास्तुरचनाकारांकडून आखून घेतली. स्थानकापासून पाच रस्त्यापर्यंतची सरळ रस्त्यांची जाळी आजही ती आखणी दाखवते. मुलुंड स्थानकामुळे त्या भूखंडांना जी किंमत आली, तिच्यातून रेल्वेच्या तिजोरीत काही गेले नाही. १९५० मध्ये जवळची उपनगरे आणि १९५७ मध्ये दहिसर-मुलुंडपर्यंतचा भाग बृहन्मुंबईत आला, लोकवस्ती वाढत गेली आणि तिला पुरेल इतके नवे रूळ टाकायला पैसा कुठून आणायचा, हा प्रश्न तसाच राहिला. मुंबईची गर्दी लोकसंख्येने आणली असे सर्रास म्हटले जाते. जमिनीच्या या हिशेबाकडेही तितकेच लक्ष द्यायला हवे, असे माझे मत आहे.

इथेच एका विस्मृतीत गेलेल्या मार्गाचा उल्लेख केला पाहिजे. १९२८ ते १९३४ या काळात अंधेरीहून कुर्लामार्गे तुर्भ्याला, म्हणजे आजच्या ट्रॉम्बेला, जाणारी रेल्वे होती. पूर्व-पश्चिम उपनगरे जोडणारी ती पहिली गाडी. ती बंद झाली, आणि अंधेरी-घाटकोपर अशी सरळ गाडी मिळायला ८ जून २०१४ उजाडला, जेव्हा वर्सोवा-अंधेरी-घाटकोपर मेट्रो सुरू झाली : ११.४ किलोमीटर, १२ स्थानके. मधल्या ८० वर्षांत अंधेरीच्या माणसाला घाटकोपर गाठायचे तर दादरचा पूल चढावा लागे किंवा रस्त्याची बस धरावी लागे. रेल्वेचा इतिहास लिहिताना सुरू झालेल्या मार्गांइतकेच बंद पडलेले मार्गही मोजायचे असतात.

आता शिंकान्सेनकडे, म्हणजे जपानच्या बुलेट ट्रेनकडे, येऊ. १९५० च्या दशकात टोकियो-ओसाका हा जुना तोकाइदो मार्ग तुंबला होता. देशातल्या एकूण रेल्वेमार्गाच्या ३ टक्के लांबीवर देशाची जवळजवळ पावपट वाहतूक चालत होती. मालगाड्या, पॅसेंजर, लांब पल्ल्याच्या जलद गाड्या, उपनगरी गाड्या, सगळ्या त्याच रुळांवर. यातून सुटायचे तर मार्ग ठरलेला दिसत होता : आहेत त्या रुळांशेजारी आणखी दोन टाका. राष्ट्रीय रेल्वेचे अध्यक्ष सोगो शिंजी आणि मुख्य अभियंता शिमा हिदेओ यांनी तो नाकारला. त्यांनी जुन्या मार्गापासून पूर्णपणे वेगळा, १४३५ मिलिमीटर रुंदीचा मार्ग मागितला. त्यावर एकही मालगाडी नको, एकही फाटक नको, तीव्र वळण नको, आणि सगळ्या गाड्या साधारण एकाच जातीच्या हव्यात. युद्धाआधी १९४० च्या सुमारास अशी एक योजना मंजूर होऊन अर्धवट राहिली होती. तिच्यासाठी घेतलेली काही जमीन आणि खोदलेले काही बोगदे कामी आले. जागतिक बँकेने १९६१ मध्ये ८ कोटी डॉलरचे कर्ज दिले. १ ऑक्टोबर १९६४ रोजी, ऑलिंपिक सुरू होण्याच्या नऊ दिवस आधी, ५१५ किलोमीटरचा मार्ग खुला झाला. कमाल वेग ताशी २१० किलोमीटर. पहिल्या वर्षी टोकियो-ओसाका प्रवासाला ४ तास लागत, पुढच्या वर्षी ३ तास १० मिनिटे.

या गाडीत सुट्या-सुट्या पाहिल्या तर नव्या म्हणाव्यात अशा गोष्टी थोड्याच होत्या. प्रत्येक डब्याच्या चाकांना मोटर जोडायची, स्वतंत्र इंजिन ठेवायचे नाही, ही शिमांची निवड. युरोपात तेव्हा लांब पल्ल्याची गाडी म्हणजे इंजिनाने ओढायची गाडी, आणि मोटरडब्यांची गाडी उपनगरापुरती, असा समज होता. १९५८ मध्ये 'कोदामा' या जलद गाडीने तो जपानमध्ये मोडला. वजन सगळ्या डब्यांत वाटले गेले की रुळांवरचा भार कमी होतो, गाडी लवकर वेग घेते आणि लवकर थांबते. बोरिवली लोकलही याच तत्त्वावर धावते. १९२५ पासून मुंबईकर ज्या कुळातल्या गाडीत बसतो, शिंकान्सेन त्याच कुळातली आहे, आणि हे समजल्यापासून दारात उभा असताना मोटरडब्याच्या आवाजाकडे माझे लक्ष वेगळ्या रीतीने जाऊ लागले. ताशी २०० किलोमीटरवर मार्गाकडेचा सिग्नल मोटरमनला नीट दिसणार नाही, म्हणून सिग्नल त्याच्या समोरच्या फलकावर आणला आणि वेग ओलांडला तर गाडी आपोआप आवरेल अशी यंत्रणा बसवली. विमानांच्या पंखांची थरथर अभ्यासलेल्या मात्सुदायरा तादाशी यांनी चाकांच्या थरथरीवर उपाय शोधला. युद्ध हरल्यावर विमाने बांधायला बंदी झालेली अशी बरीच माणसे रेल्वेच्या संशोधन संस्थेत आली होती. मध्यरात्रीपासून सकाळी सहापर्यंत एकही गाडी नाही, तो वेळ फक्त रूळ आणि तारा तपासण्यासाठी. हा नियम आजही पाळला जातो. रविवारच्या ब्लॉकची तक्रार करताना आपल्याला आठवावे असे हे वेळापत्रक आहे : आपली शेवटची लोकल आणि पहिली लोकल यांच्यामध्ये उरतात जेमतेम तीन-एक तास.

रुळावरून घसरून वा टक्कर होऊन शिंकान्सेनच्या एकाही प्रवाशाचा आजवर मृत्यू झालेला नाही. २००४ च्या निइगाता भूकंपात एक गाडी घसरली, कुणी दगावले नाही. याचे श्रेय जपानी स्वभावाला देण्याचा मोह टाळावा, अशी नव्या अभ्यासकाला माझी कळकळीची विनंती आहे. त्याच जपानमध्ये जुन्या मार्गांवर १९६२ मध्ये मिकावाशिमा इथे १६० आणि १९६३ मध्ये त्सुरुमी इथे १६१ माणसे गाड्या एकमेकींवर आदळून मेली. २५ एप्रिल २००५ ला अमागासाकी इथे सुमारे दीड मिनिटाचा उशीर भरून काढू पाहणाऱ्या चालकाची गाडी वळणावर उलटली आणि चालकासह १०७ जण गेले. चूक झालेल्या चालकांना अपमानकारक 'प्रशिक्षणा'ला बसवण्याची कंपनीची पद्धत त्या चौकशीत उघड झाली. माणसे तीच, देश तोच. फरक रुळांच्या मांडणीचा, यंत्रणेचा आणि कामगाराला दिलेल्या वागणुकीचा.

या यशाची किंमत कुणी भरली, हा अभ्यासाचा वेगळा आणि मोठा भाग आहे. सोगोंच्या अंदाजापेक्षा खर्च जवळजवळ दुप्पट झाला आणि १९६३ मध्ये त्यांना पद सोडावे लागले. शिमाही बाहेर पडले. नागोयातल्या रहिवाशांनी आवाज आणि हादऱ्यांविरुद्ध १९७४ मध्ये दावा लावला आणि तडजोड व्हायला १९८६ उजाडले. त्याआधीच्या, जुन्या तोकाइदो मार्गावर १९३४ मध्ये पूर्ण झालेल्या तान्ना बोगद्याने ६७ कामगारांचे प्राण घेतले, आणि वरच्या खोऱ्यातले झरे आटवून शेतकऱ्यांचे पाणीही घेतले.

ही उदाहरणे आज आपल्या दाराशी आली आहेत. १४ सप्टेंबर २०१७ रोजी पायाभरणी झालेला मुंबई-अहमदाबाद द्रुतगती रेल्वेमार्ग ५०८ किलोमीटरचा आहे, म्हणजे जवळजवळ टोकियो-ओसाकाइतकाच. खर्चाचा मोठा वाटा जपानच्या ०.१ टक्का व्याजाच्या कर्जातून येतो. वांद्रे-कुर्ला संकुलातल्या भुयारी स्थानकापासून शिळफाट्यापर्यंत २१ किलोमीटरचा बोगदा आहे. तो विक्रोळीखालून जातो आणि त्यातले ७ किलोमीटर ठाण्याच्या खाडीखाली आहेत. मार्गासाठी सुमारे २२ हजार कांदळवनांची झाडे तोडण्याची परवानगी उच्च न्यायालयाने डिसेंबर २०२२ मध्ये दिली. पालघरच्या आदिवासी गावांनी जमिनीसाठी दीर्घ लढा दिला. तान्नाच्या खोऱ्यातल्या शेतकऱ्यांचे प्रश्न आणि हे प्रश्न शेजारी ठेवून वाचले, तर दोन्हींतून काही नवे कळेल.

अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, मुलुंड यांपैकी कुठेही ही गाडी थांबणार नाही. संकुलानंतरचे स्थानक दिव्याजवळ म्हातार्डीला, मग विरार. तिथवर पोचणार कसे, हा खरा उपनगरी प्रश्न. १९६४ मध्ये शिन-योकोहामा स्थानक भातशेतीत उभे होते. भोवतालच्या गाड्या आणि मार्ग जोडले गेले तसतसे ते शहराचे एक केंद्र बनले, आणि त्याला काही दशके लागली. शिंकान्सेन सुरू झाली त्याच सुमारास जपानी रेल्वेने टोकियोच्या पाच दिशांच्या उपनगरी मार्गांचे चौपदरीकरण हाती घेतले होते, ही गोष्ट आपल्याकडे फारशी सांगितली जात नाही. मला ती शिंकान्सेनहून अधिक महत्त्वाची वाटते. बोरिवली-विरार चौपदरीकरण, कुर्ला-ठाणे पाचवी-सहावी मार्गिका, खार-गोरेगाव सहावी मार्गिका ही आपली तशीच कामे. त्यांची उद्घाटने शांतपणे होतात, पण रोजच्या सुमारे ७५ लाख प्रवाशांचे जगणे त्यांच्यावर अवलंबून आहे. मुंबईच्या रुळांवर आणि दारांतून पडून दरवर्षी दोन हजारांहून अधिक माणसे मरतात. जपानचा अभ्यास कशासाठी, असे कुणी विचारले तर मी आधी हा आकडा सांगतो.

नव्याने येणाऱ्याने सुरुवात कुठून करावी? वेळापत्रकापासून. जुने आणि नवे वेळापत्रक शेजारी ठेवले की कोणत्या गाडीला वाट मिळाली आणि कोणती थांबली, हे दिसते. मग अपघातांच्या चौकशीचे अहवाल वाचावेत. संस्था स्वतःविषयी इतर कुठे इतके खरे बोलत नाहीत. गोविंद नारायण माडगांवकरांचे १८६३ चे 'मुंबईचे वर्णन' मराठीत आहे, रेल्वे नवीन असतानाच्या डोळ्यांनी लिहिलेले. जपानी साहित्य आता चांगल्या भाषांतरांत मिळते, आणि ओमिया, नागोया, क्योतो इथली संग्रहालये तर इतिहासाच्या शाळाच आहेत.

मराठीत करायचे काम अजून खूप आहे. अंधेरी-तुर्भे मार्गाचा नीट इतिहास झालेला नाही. कांदिवली आणि कुर्ला कारशेडमध्ये आयुष्य घालवलेल्या फिटरांच्या, रात्रीच्या ब्लॉकमध्ये खडी ओढणाऱ्या गँगमनच्या, मोटरमनांच्या आठवणी टिपायच्या आहेत. टोकियोत १९१२ मध्ये शाळकरी मुलींसाठी वेगळा डबा आला आणि चर्चगेट-बोरिवली लेडीज स्पेशल ५ मे १९९२ ला. या दोन्हींमागच्या मागण्या कुणी, कशा मांडल्या, याची तुलना कुणीतरी करायला हवी. मुलुंडच्या जमिनींचे कागद आणि ओसाकाच्या हप्त्यांवरच्या घरांचे हिशेब एकत्र वाचणारा अभ्यासक हवा आहे. त्यासाठी जपानी शिकायची तयारी असेल तर उत्तमच. नसेल तर मुलुंडच्या कागदांपासून आरंभ करावा.